टिकल्या, तार आणि फरा

एका वाचकाचं पत्र:

"कसबा पेठेत अकरा वर्षं शाडूच्या गणेशमूर्ती करतो. यंदा पहिल्यांदा माणूस करायला घेतला. पावली खेळणारा वारकरी, दोन्ही हात वर, हातांत टाळ, भार उजव्या पायावर, डावा पाय चवड्यावर. नवताल म्हणून नऊ डोकी धरली; डोकं ६ सेंटिमीटर, उंची ५४. स्नायूंची नावं पाठ केली, छाती, पोट, दंड सगळं उठवून दाखवलं. तरी बघणारे म्हणतात, हात खांद्याला खिळे मारून ठोकलेत आणि पाय देवळाचे खांब झालेत. शिवाय मानेशी आणि घोट्याशी तडे गेले. अ‍ॅनाटॉमी शिकायची तर सुरुवात कुठून करू? मेडिकल कॉलेजात शवविच्छेदन बघू देतील का? की सरळ कला महाविद्यालयात नाव घालू?"

नमस्कार.

पहिली चूक अ‍ॅनाटॉमीची नाही, मोजमापाची आहे. नवताल म्हणजे नऊ तालांची उंची, पण मूर्तिशास्त्रातला ताल म्हणजे अख्खं डोकं नव्हे. केसांच्या रेषेपासून हनुवटीपर्यंतचा चेहरा म्हणजे एक ताल, १२ अंगुलं. नवतालाची १०८ अंगुलं एका प्रचलित वाटणीत अशी पडतात: चेहरा १२, मान ४, मानेपासून छाती १२, छातीपासून बेंबी १२, बेंबीपासून जननेंद्रिय १२, मांडी २४, गुडघा ४, नडगी २४, पाऊल ४. केसांच्या रेषेच्या वरचा टाळूचा भाग यात धरलेलाच नाही. त्याला अंदाजे ३ अंगुलं दिली तर पूर्ण उंची १११ आणि पूर्ण डोकं १५, म्हणजे डोक्याच्या ७.४ पट. चालताबोलता प्रौढ माणूस साधारण साडेसात डोक्यांचाच असतो. शास्त्र आणि शरीर यांचं इथे भांडण नाही, तुम्ही ताल डोक्याला लावलात एवढंच. तुमच्या ५४ सेंटिमीटरच्या वारकऱ्याला डोकं ७.२ सेंटिमीटरचं हवं होतं. ते ६ चं झालं म्हणून तो लांबून राक्षसासारखा दिसत असणार. त्यात गणपती पंचतालाचा. हाताला सवय मोठ्या डोक्याची आणि आखूड पायांची. या सवयीमुळे तुमचा अंदाज दोन्ही बाजूंनी फसेल, म्हणून पहिली तीन-चार कामं तरी पट्टीवरच करा.

पुढची आकृती ४५ सेंटिमीटरची घ्या, डोकं ६ चं. पुठ्ठ्याच्या पट्टीवर जमिनीपासून खुणा करून ती पाटाला उभी चिकटवा: हनुवटी ३९, गळ्याची खाच ३७, स्तनाग्रं ३३, बेंबी २७, जांघेमधलं पुढचं हाड साडेबावीस (उंचीचा बरोबर मध्य), गुडघ्याच्या वाटीची खालची कड १२ ते साडेबारा. पुरुषाची खांद्यांची रुंदी साडेअकरा ते १२, खुब्यांशी रुंदी साडेआठ ते ९. पाऊल पावणेसात, पंजा पावणेपाच. शेवटच्या दोन मापांवर बहुतेकांचा विश्वास बसत नाही आणि हात-पाय लहान होतात. आपला पंजा हनुवटीवर टेकवून वर धरा, बोटं केसांच्या रेषेपर्यंत पोचतात.

आता अ‍ॅनाटॉमी. शिल्पकाराला सुरुवातीला स्नायूंची यादी लागत नाही. हाड कातडीला कुठे येऊन भिडतं, ते लागतं. माणूस जाड असो की बारीक, या जागा हलत नाहीत, आणि वळण, कल, भार सगळं याच जागा सांगतात. त्या शिकायला एक बारीक अंगाचा मित्र आणि तुळशीबागेतली टिकल्यांची चार पाकिटं पुरतात.

मित्राला चड्डीवर उभं करा आणि बोटाने चाचपत टिकल्या लावत जा. पुढून: गळ्याची खाच, कॉलर बोनची दोन्ही टोकं, छातीच्या मधल्या हाडाचं खालचं टोक, बरगड्यांच्या कमानीची दोन्हीकडची सर्वांत खालची जागा, कमरेच्या हाडाची पुढची दोन टोकं, गुडघ्याच्या वाट्या, वाटीखालचा नडगीचा उंचवटा, घोट्यांचे चारही डोळे. मागून: मान वाकवल्यावर सर्वांत वर येणारा मणका, फऱ्याचं, म्हणजे खांद्याच्या पसरट हाडाचं, खालचं टोक, कमरेखालच्या दोन खळ्या, कोपराचं टोक. बाजूने खुबा. मग फोटो. मोबाइल बेंबीच्या उंचीवर, माणसापासून तीन-चार मीटर लांब, झूम करून. जवळून काढलात तर भिंग वरचं डोकं फुगवतं आणि पाय आक्रसतं, आणि तुम्ही तेच मातीत उतरवाल. सरळ उभा, एका पायावर भार, हात वर, अशा प्रत्येक स्थितीचे आठ बाजूंनी आठ फोटो काढा. अर्थात त्याला विचारून, आणि ते फोटो कुठे टाकायचे नाहीत.

या खेळातला खरा धडा हात वर केल्यावर मिळतो. फऱ्याच्या खालच्या टोकावर लावलेली टिकली हाताबरोबर फारशी जात नाही. कातडी मागे राहते, हाड तिच्याखालून सरकून जातं. मित्राला हात वरच ठेवायला सांगा, टोक पुन्हा चाचपून शोधा आणि तिथे दुसऱ्या रंगाची टिकली लावा. पहिली पाठीवर, दुसरी जवळजवळ काखेखाली. त्या दोन टिकल्यांमधलं अंतर तुमच्या वारकऱ्यात नाही. हात खिळे मारल्यासारखे दिसतात ते त्यामुळेच.

कारण असं. हाताचा धडाशी हाडाचा सांधा एकच, कॉलर बोन जिथे छातीच्या हाडाला मिळते तिथे. फरा बरगड्यांवर नुसता तरंगतो, त्याला स्नायूंनी बांधून ठेवलेलं असतं. हात पूर्ण वर, म्हणजे १८० अंश, गेला की त्यातले साधारण १२० अंश खांद्याच्या सांध्यातून येतात आणि ६० फरा फिरल्यामुळे. तुम्ही सांगाड्याला टी आकाराची आडवी तार लावली असणार आणि तिची टोकं वर वाकवली असणार. त्यात खांदा जागेवर राहतो आणि हात मात्र वर जातो. पाठीच्या तारेला खांद्यांची तार पक्की बांधू नका. ती गळ्याच्या खाचेच्या किंचित मागून कॉलर बोनसारखी बाहेर काढा, दोन्हीकडे ४ सेंटिमीटर, आणि हात वर असतील तर तिची बाहेरची टोकं सेंटिमीटर-दीड सेंटिमीटर उचला. आता दंडाची तार तिथून वर. मान लगेच आखूड होईल, कानाजवळ दंड येईल. घाबरू नका, तसंच असतं.

माती चढवताना काखेकडे लक्ष द्या. हात वर गेला की काख हा दोन भिंतींमधला खड्डा होतो. पुढची भिंत छातीच्या स्नायूची, मागची पाठीच्या रुंद स्नायूची. दोन्ही दंडाच्या हाडाला जाऊन मिळतात, म्हणजे दोन्ही भिंती हाताबरोबर वर ओढल्या जातात. छाती उठून दिसायच्या ऐवजी चपटी होते, स्तनाग्र वर सरकतं, बरगड्यांची कमान उघडी पडते. खांद्याचा गोल स्नायू मात्र वरच्या बाजूला गोळा होतो. तुमच्या वारकऱ्याची छाती हात खाली असल्यासारखी फुगलेली असेल तर ती तासून टाका.

सगळे स्नायू एकाच वेळी ताणलेले नसतात, ही गोष्ट नावं पाठ करणाऱ्याकडून हमखास निसटते. कोपर वाकवून दंडाची बेटकुळी काढली की मागचा स्नायू सैल पडतो. दोन्ही तितकेच उठवले की बटाट्याचं पोतं होतं. प्रत्येक स्नायूबद्दल तीन गोष्टी लिहा: कुठून निघतो, कुठे मिळतो, या पोझमध्ये आखडलाय की ओढला गेलाय. नाव चौथं, ते नाही आठवलं तरी चालतं.

कंबर. भार उजव्या पायावर म्हणजे कमरेचं हाड उजवीकडे वर आणि डावीकडे खाली. पुढच्या दोन टोकांच्या टिकल्यांना जोडणारी रेघ तिरकी पडलीच पाहिजे. धड मग उजवीकडे दबतं, म्हणून बरगड्यांची खालची कड आणि कमरेची कड उजवीकडे जवळ येतात आणि तिथे कातडीची घडी पडते; डावी कूस ताणली जाते. एरवी हा उलटा कल खांद्यांवरून वाचता येतो. तुमच्या पोझमध्ये दोन्ही हात वर आहेत, खांदे खोटं बोलतील. बरगड्यांच्या पिंजऱ्यावरूनच बघा. शांत उभ्या माणसात बाजूने हे अंतर जेमतेम दोन-तीन बोटं असतं, ४५ सेंटिमीटरच्या आकृतीत सव्वा सेंटिमीटरच्या आत. नवशिक्याची कंबर हटकून लांब होते.

मग ओळंबा लावा. गळ्याच्या खाचेतून सोडलेला दोरा भाराच्या पायाच्या आतल्या घोट्याशी यायला हवा. पावली खेळणारा थोडा पुढेमागे असेल, पण दोरा दोन पायांच्या बरोबर मधे पडत असेल तर भार कुठेच नाही. मूर्ती कोसळत नाही ती तारेमुळे, बघणाऱ्याला मात्र ते जाणवतं. आपल्याकडे त्रिभंग, म्हणजे अंगाला तीन ठिकाणी बाक दिलेली उभी मूर्ती, याच हिशेबावर उभा आहे. एखाद्या रविवारी कार्ल्याच्या लेण्यात जा आणि दर्शनी भिंतीवरची मिथुनं, म्हणजे स्त्री-पुरुषांच्या जोड्या, बघा. स्नायू म्हणावा असा एकही उठवलेला नाही, तरी अंगाचं वजन कळतं.

आणि बाजूने बघा. बरगड्यांचा पिंजरा किंचित मागे कललेला असतो, कमरेचा कटोरा पुढे. दोन्ही एका सरळ नळीत बसवले की पाठ फळीसारखी होते. गणपती समोरून बघायचा असतो, त्यामुळे तुमचा डोळा समोरच अडकलेला आहे, हे राग न मानता घ्या. पाट फिरता हवा. दर दहा मिनिटांनी अष्टमांश वळवायचा, आणि समोरची बाजू दिवसातून शेवटी.

पायांचे खांब का झाले? डावी-उजवी बाह्यरेषा तुम्ही सारखी काढलीत. जिवंत पायात एकही फुगवटा समोरच्या फुगवट्याच्या पातळीला येत नाही. पोटरी बाहेरून वर फुगते, आतून खाली. घोटा उलटा: आतला डोळा वर, बाहेरचा खाली. बाजूने पाहिलं तर मांडीचा फुगवटा पुढे, पोटरीचा मागे, आणि नडगी मांडीच्या रेषेपेक्षा मागे सरकलेली. नडगीचं हाड आतल्या बाजूने गुडघ्यापासून घोट्यापर्यंत सरळ कातडीखाली असतं, त्याच्यावर मांस नाही. तिथे माती गुबगुबीत ठेवायची नाही, पट्टी ओढल्यासारखी सपाट करायची.

डावा गुडघा वाकलेला आहे. वाटी नडगीला न ताणणाऱ्या पट्ट्याने बांधलेली असते, म्हणून वाटीपासून नडगीच्या उंचवट्याचं अंतर गुडघा वाकवला तरी तेच राहतं. वाटी नडगीबरोबर जाते, मांडीबरोबर नाही. सरळ गुडघ्याची वाटी जिथे होती तिथेच ठेवून खालचा पाय वाकवला की पाय मोडल्यासारखा दिसतो.

धोतर शेवटी. आधी संपूर्ण उघडा माणूस, मग कापड. कापड कंबर, खुबा आणि पुढे आलेला गुडघा अशा दोन-तीन जागी टेकतं आणि तिथून लोंबतं. घड्या त्या जागांपासूनच निघतात. गणपतराव म्हात्र्यांच्या १८९६ सालच्या 'मंदिरपथगामिनी'चा चांगला फोटो मिळवा आणि नऊवारीच्या आत गुडघा कुठे आहे ते बोट ठेवून सांगता येतंय का बघा.

तडे. शाडू वाळताना आक्रसतो, तार आक्रसत नाही. माती जिथे पातळ, तिथे फाटते: मान, मनगट, घोटा. वर पाणी लावून बुजवलेला तडा पुन्हा उघडतो, कारण आतलं भांडण मिटलेलं नसतं. अभ्यासासाठी न वाळणारी तेलाची माती घ्या, दुकानात ऑइल क्ले किंवा प्लास्टिसिन म्हणतात. ४५ सेंटिमीटरच्या माणसाला अडीच-तीन किलो पुरते आणि तीच पुन्हा पुन्हा वापरता येते. पुढे सिलिकॉनचा साचा घ्यायचा विचार असेल तर गंधक नसलेली मागा. गंधकाने काही सिलिकॉन कडेला चिकट राहतं, जमतच नाही. शाडू सोडायचा नाही. कान, पाऊल, गुडघा, मूठ असे सुटे भाग बिनतारेचे, खऱ्या मापाचे शाडूत करा. त्यात तुमचा हात बसलेला आहे.

सांगाडा: १८ मिलिमीटर प्लायवूडचा ३० बाय ३० चा पाट, त्यावर फ्लँज (पाइप पाटाला बसवायची चकती), अर्ध्या इंची जीआय पाइप उभा, वर एल्बो (काटकोनी जोड) आणि त्यातून आडवा तुकडा आकृतीच्या कमरेत मागून शिरलेला. सगळं वजन त्याच्यावर, म्हणून पाय मोकळे राहतात आणि भार बदलून बघता येतो. पायांना ४ मिलिमीटरची अ‍ॅल्युमिनियम तार दुहेरी पिळून, हातांना ३ ची एकेरी. बोहरी आळीत मिळेल. तारेवर बारीक बाइंडिंग वायर वेटोळी गुंडाळा, नाहीतर गुळगुळीत तारेवरून माती घसरते. तार हाडाच्या मधोमध जाईल अशी वाकवा. गुडघ्याच्या किंवा कोपराच्या टोकातून नेली तर शेवटी तिथेच बाहेर डोकावते. टाळूच्या सेंटिमीटरभर खाली थांबवा. छाती आणि डोक्यात लाकडाच्या दोन काड्या फुलीसारख्या बांधून तारेने लोंबत्या सोडा, माती खाली बसत नाही.

शिकायचा क्रम. विसर्जनापासून दिवाळीपर्यंत तुम्ही जरा मोकळे असता, तेव्हा सुरुवात करा. पहिले दोन आठवडे फक्त टिकल्या आणि तीन ठोकळे: डोकं, बरगड्यांचा पिंजरा, कमरेचा कटोरा. तळहाताएवढ्या मातीच्या, अर्ध्या तासात एक अशा चाळीस तरी आकृत्या. बरगड्या कोरायच्या नाहीत, कल तेवढा बघायचा. मग एकच आकृती घेऊन आधी हाडं आणि त्यांच्यावर एकेक स्नायू चढवायचा. उदाँ या फ्रेंच शिल्पकाराने १७६७ साली कातडी सोललेला माणूस असाच अभ्यास म्हणून केला आणि त्याच्या प्लास्टरच्या प्रती पुढे कलाशाळांत शिकवायला ठेवल्या गेल्या. या कामाला दोन-अडीच महिने लागतात. डाव्या बाजूला कातडीसकट शरीर आणि उजव्या बाजूला सोललेलं असं केलंत तर तुलना हातासरशी होते. हाताच्या कोपराखालचा भाग मुद्दाम सावकाश करा. तळवा खाली वळवला की अंगठ्याकडचं हाड करंगळीकडच्या हाडावरून आडवं जातं, आणि वरचं मांस त्याच्याबरोबर पिळलं जातं. टाळ धरलेल्या हातात हा पीळ दिसलाच पाहिजे.

बघायला जिवंत शरीरं पुण्यात हवी तेवढी आहेत. तालमीत वस्तादांची परवानगी काढून कोपऱ्यात वही घेऊन बसा. लंगोटातला पैलवान पाठ, नितंब आणि मांडी जशी दाखवतो तशी दुसरं कोणी दाखवत नाही. फक्त त्याचे कान आणि मान नेहमीच्या माणसाच्या समजू नका. वर गेलेल्या हातांसाठी मल्लखांब. आणि वारकरी करायचा असेल तर मार्केट यार्डातल्या साठीच्या हमालाकडे बघा. वारकऱ्याच्या अंगावर चरबी कमी आणि वय जास्त असतं, व्यायामशाळेतलं पोट त्याला शोभत नाही. कोणाला मॉडेल म्हणून बसवलंत तर पैसे द्या, २५ मिनिटं पोझ आणि १० मिनिटं विश्रांती ठेवा, आणि पावलांभोवती खडूने रेघ मारा. हात वरची पोझ पाच मिनिटांपेक्षा जास्त टिकत नाही, तिथे वरून दोरी बांधून धरायला द्या.

शवविच्छेदनाचं म्हणाल तर निदान पहिलं वर्ष त्याच्या मागे लागू नका. ते कायद्याखाली, महाराष्ट्रात १९४९ च्या अ‍ॅनाटॉमी अ‍ॅक्टखाली, मान्यताप्राप्त संस्थांमध्ये चालतं. बाहेरच्याला परवानगी विभागप्रमुखांच्या हातात, अर्ज करून बघता येईल. पण फॉर्मेलिनमधलं शरीर आडवं, घट्ट झालेलं आणि रंग उडालेलं असतं. आखडलेला स्नायू कसा दिसतो, ते तिथे कळत नाही. अर्ज करायचाच तर अ‍ॅनाटॉमी म्युझियममधली हाडं बघायला करा. घरी विद्यार्थ्यांसाठीचा ८५ सेंटिमीटरचा प्लास्टिकचा सांगाडा ठेवा. खरी हाडं विकत घ्यायच्या फंदात पडू नका. वैद्यकीय विद्यार्थ्यांची जुनी पुस्तकं अप्पा बळवंत चौकात मिळतात, पण त्यातली आडव्या छेदांची चित्रं सोडून पृष्ठभागाच्या खुणांचं प्रकरण तेवढं वाचा.

कॉलेजचं: शिल्पकलेची पदवी हवी तर मुंबईचं १८५७ पासूनचं जे. जे. आहे. पण चार वर्षं कारखाना बंद ठेवावा लागेल. आधी वरचं वर्षभर करा, सोललेली आकृती पूर्ण झाली की मग ठरवा. त्या आकृतीमुळे प्रवेशालाही बोलायला काहीतरी हातात राहील.

तडे गेलेला वारकरी दुरुस्त करत बसू नका. आठही बाजूंनी फोटो काढा, त्यावर लाल पेनाने गळ्याची खाच, कमरेची दोन टोकं आणि दोन्ही घोटे जोडून रेघा मारा. मग तो फोडून आधी तार काढा, लोखंडी असेल तर गंजाने शाडूवर पिवळे डाग पडतात, आणि माती भिजत घाला.